एक ठिपका

आकाशातल्या दगडांशी माझा संबंध येण्याचे खरे म्हणजे काहीच कारण नव्हते. कोकणातल्या एका आडगावच्या शाळेत मी चित्रकला शिकवतो आणि सुट्टीत कादंबऱ्या लिहितो. शिक्षण म्हणाल तर दहावी (आई तिला अजून 'मॅट्रिक'च म्हणते), आणि तिच्या पाठीला लावलेली चित्रकलेची पदविका. मॅट्रिकच्या पुढे मी का शिकलो नाही याचीही एक कथा आहे. ती मी पुष्कळांना सांगितली आहे, एकदा तर छापलीही आहे. पण तिच्याकडे मागाहून येतो. तूर्त एवढेच सांगायचे, की अशा माणसाच्या हाती एक लघुग्रह येऊन पडला, तो केवळ आमचे विज्ञानाचे सर ऐन वेळी रजेवर गेले म्हणून.

फेब्रुवारीच्या अखेरीस शाळेत विज्ञान दिन असतो. त्यासाठी नववीच्या मुलांनी भित्तिपत्रकाचा विषय निवडला होता 'भारतातून सापडलेला लघुग्रह'. सरांनी जाताना छापील कागदांची एक चळत माझ्या हाती दिली आणि "तुम्ही फक्त चित्र काढा" असे सांगून ते एस.टी.त बसले. फक्त चित्रच काढायचे तर त्यात काय मोठे! मी पुठ्ठा घेतला, कंपास लावला आणि एक झकास वर्तुळ काढले. बाजूला उभी असलेली एक मुलगी हळूच म्हणाली,

"सर, तो गोल नाही."

"मग कसा आहे?"

तिने हातातला कागद पुन्हा एकदा पाहिला, जरा विचार केला आणि म्हणाली, "करांद्यासारखा."

सारा वर्ग हसला. पण मुलीचे बरोबर होते. "जे दिसते ते काढा, जे ठाऊक आहे असे वाटते ते काढू नका," हा धडा मी गेली वीस वर्षे मुलांना देत आलो आहे. आणि ग्रह म्हटला की तो गोलच असणार, एवढ्या ठाऊकपणावर मी कंपास टेकवून मोकळा झालो होतो! मी वर्तुळ खोडले आणि ती कागदांची चळत पिशवीत घालून घरी नेली.

त्या लघुग्रहाचे नाव सिल्व्हिया. अनुक्रमांक सत्त्याऐंशी. म्हणजे अशा वस्तूंच्या यादीतला सत्त्याऐंशीवा. आज ती यादी लाखांच्या घरात गेली आहे; पण १८६६ साली ती अजून शंभरालाही पोचली नव्हती. मंगळ आणि गुरू यांच्या मधल्या मोकळ्या जागेत काही तरी असावे असा पंडितांना संशय होता. १ जानेवारी १८०१ रोजी सिसिली बेटावरच्या पालेर्मो येथे पियाझ्झी या धर्मगुरूला त्यांतला पहिला, सीरीझ, सापडला. पुढच्याच वर्षी विल्यम हर्शेलने या जातीला 'ताऱ्यासारखे' अशा अर्थाचे नाव दिले. कारण एवढेच, की ग्रहांची दुर्बिणीतून तबकडी दिसते. हे मात्र केवढ्याही दुर्बिणीतून पाहिले तरी ताऱ्यासारखे ठिपक्याचे ठिपकेच राहत. नाव दिले ते त्यांच्या रूपावरून नव्हे, आपल्याला जे दिसत नव्हते त्यावरून!

सिल्व्हिया सापडली मद्रासला, १६ मे १८६६ रोजी. नुंगमबाक्कम भागात ईस्ट इंडिया कंपनीने १७९२ साली बांधलेली वेधशाळा होती. तिच्यातला ग्रॅनाइटचा एक खांब आजही उभा आहे. १८६१ साली नॉर्मन पॉगसन नावाचा इंग्रज तिचा प्रमुख होऊन आला. तत्पूर्वी ऑक्सफर्डला असताना, १८५६ साली, त्याने ताऱ्यांच्या तेजाची प्रतवारी पक्क्या मापाला बांधली होती. पहिल्या प्रतीचा तारा सहाव्या प्रतीच्या ताऱ्यापेक्षा बरोबर शंभरपट तेजस्वी मानायचा, हे माप त्याचेच, आणि ते आजही चालते. मद्रासला पाऊल ठेवल्यावर काही आठवड्यांतच, १७ एप्रिल १८६१ रोजी, त्याला एक लघुग्रह सापडला. आशिया खंडातून सापडलेला तो पहिला, म्हणून त्याने त्याचे नाव 'एशिया' असेच ठेवले. त्यानंतर सॅफो, सिल्व्हिया, कॅमिला आणि १८८५ साली व्हेरा. याच वेधशाळेत चिंतामणी रघुनाथाचारी हे पंचांगकर्त्यांच्या घराण्यातले गृहस्थ साहाय्यक होते. १८६७ साली त्यांनी एक रूपविकारी तारा शोधून काढला. पॉगसन परत गेलाच नाही. १८९१ साली मद्रासलाच त्याचा अंत झाला.

हे लघुग्रह त्याला सापडत कसे, ते वाचताना मला मोठी मौज वाटली. छायाचित्राची सोय तेव्हा या कामी आली नव्हती. ज्योतिष्याने आकाशाचा एक तुकडा निवडायचा आणि त्यातला प्रत्येक बारीक तारा दुर्बिणीतून पाहून नकाशावर उतरवायचा. दुसऱ्या रात्री, तिसऱ्या रात्री तोच नकाशा घेऊन तोच तुकडा तपासायचा. कागदावर नाही आणि आकाशात आहे असा एखादा ठिपका आढळला, की त्याच्यावर पाळत ठेवायची. तारा असेल तर तो जागचा हलणार नाही. ग्रह असेल तर उद्या थोडा सरकलेला दिसेल. शोध म्हणतात तो एवढाच. सिल्व्हिया तर नुसत्या डोळ्यांना दिसणाऱ्या अगदी मंद ताऱ्यापेक्षाही, पॉगसनच्याच मापाने, शंभरपटीहून अधिक मंद. मे महिन्यातली मद्रासची रात्र. अंगाची काहिली होत असेल, डास फोडून काढत असतील. आणि हा माणूस दुर्बिणीला डोळा लावून काल काढलेले चित्र आजच्या आकाशाशी ताडून पाहतो आहे. माझ्या वर्गातल्या एकाही मुलाने कालचे चित्र आज पुन्हा वस्तूशी ताडून पाहिलेले मला आठवत नाही. मास्तरांनीही पाहिलेले नाही, हे त्या रात्री कळायचे होते.

पॉगसनने नाव ठेवले ते रोमच्या पुराणातल्या रिआ सिल्व्हियाचे. ही राजकन्या. तिला मूलबाळ होऊ नये म्हणून दुष्ट चुलत्याने तिला आजन्म कौमार्याच्या व्रतात अडकवले. तरी युद्धदेव मंगळापासून तिला जुळे मुलगे झाले, रोम्युलस आणि रीमस. चुलत्याने ती बाळे नदीत सोडून दिली. आपल्याला इथे कुंतीची आणि अश्वनदीत सोडलेल्या त्या पेटीची आठवण झाल्यावाचून राहत नाही. एका लांडगीने त्या बाळांना दूध पाजले आणि ती वाचली. पुढे दोघे भाऊ नगर वसवायला निघाले, तेव्हा भिंतीवरून त्यांचे भांडण झाले आणि रोम्युलसच्या बाजूने रीमसचा प्राण घेतला. रोम शहराच्या पायाशी एका भावाचे रक्त आहे. हे वाचून मी कागद क्षणभर खाली ठेवला. का ते पुढे कळेल.

आता हा दगड प्रत्यक्षात कसा आहे ते सांगतो. सूर्यापासून तो सरासरी बावन्न कोटी किलोमीटर अंतरावर, लघुग्रहांच्या पट्ट्याच्या बाहेरच्या काठाजवळ फिरतो. तिथे पोचणारे ऊन आपल्या उन्हाच्या एक बारांश. सूर्याभोवतीच्या एका फेरीला त्याला साडेसहा वर्षे लागतात. स्वतःभोवती मात्र तो पाच तास अकरा मिनिटांत गिरकी घेतो. सकाळची शाळा भरून सुटेपर्यंत तिथला एक दिवस आणि एक रात्र उरकलेली असते! सरासरी व्यास सुमारे दोनशे सत्तर किलोमीटर. पट्ट्यातल्या पहिल्या दहा-बारा मोठ्यांत त्याची गणना होते. तरी स्वतःच्या ओढीने स्वतःला गोल करून घेण्याइतका तो मोठा नाही. म्हणून एका अंगाला लांबट, दुसऱ्या अंगाला चेपलेला. आमच्या मुलीचा करांदा तो हाच. रंगही तसाच काळपट, किंबहुना कोळशासारखा. त्याच्यावर पडलेल्या उजेडातले शंभरात जेमतेम चार भाग तो परत देतो.

पण मला खरा धक्का बसला तो त्याच्या वजनाने. आपल्या ग्रॅनाइटची घनता पाण्याच्या सुमारे पावणेतीनपट असते. सिल्व्हियाची भरते ती पाण्याच्या सव्वा ते दीडपटीच्या मध्ये. दगड असून एवढा हलका! अभ्यासकांचा तर्क असा, की तो अखंड दगड नव्हेच. फार पूर्वी कधी तरी एका मोठ्या गोळ्यावर दुसरा येऊन आदळला, त्याच्या ठिकऱ्या उडाल्या आणि त्यांतल्या पुष्कळशा एकमेकींच्या ओढीने पुन्हा जवळ येऊन राहिल्या. आत फटी आहेत, पोकळ्या आहेत, कदाचित बर्फही असेल. चुना नाही, माती नाही. आमच्याकडे आवाराला गडगा घालतात ना, नुसते दगडावर दगड रचून, तशातली गत. बाहेरून पाहणाराला मात्र तो एकसंध वाटतो.

एकशे पस्तीस वर्षे सिल्व्हिया ठिपकाच राहिली. दोष तिचा नव्हता. तो आपल्या डोक्यावरच्या हवेचा होता. ही हवा सतत हलते, म्हणून तारे लुकलुकतात. आपल्याला त्यांत काव्य दिसते. पण ज्योतिष्याच्या दृष्टीने ते गढूळ पाण्यातून तळ पाहण्यासारखे आहे. अलीकडे यावर एक युक्ती निघाली. दुर्बिणीत एक लवचीक आरसा बसवतात. तो हवेच्या थरथरीचा अंदाज घेऊन सेकंदाला शेकडो वेळा आपला आकार बदलतो आणि ती थरथर पुसून टाकतो. हवाई बेटातल्या मौना केआ पर्वतावर केक दुर्बीण आहे. तिच्यातून माइक ब्राउन आणि झाँ-ल्यूक मार्गो यांनी २००१ च्या फेब्रुवारीत सिल्व्हियाकडे पाहिले, तेव्हा तिच्याजवळ एक बारीक ठिपका आढळला. तो तिचा चंद्र! पुढे २००४ मध्ये फ्रांक मार्शी आणि त्याच्या सहकाऱ्यांनी चिली देशातल्या मोठ्या दुर्बिणीने वेध घेतले. तेव्हा अगदी आत, तिच्याच उजेडात दडलेला दुसरा चंद्र सापडला. २००५ साली ही बातमी जगजाहीर झाली. दोन चंद्र असलेला हा पहिलाच ज्ञात लघुग्रह. त्यांची नावे काय ठेवायची हा प्रश्नच नव्हता. पॉगसनने १८६६ सालीच आईचे नाव ठेवून दिले होते. मुले तेवढी सापडायची राहिली होती.

धाकटा रीमस, सुमारे सात किलोमीटरांचा. तो सातशे किलोमीटरांवरून तेहतीस तासांत आईभोवती फिरतो. थोरला रोम्युलस त्याच्या अडीचपट, साडेतेराशे किलोमीटरांवर. त्याच्या फेरीला साडेतीन दिवसांहून थोडा अधिक वेळ लागतो. रीमसवर उभे राहून पाहिले तर आई प्रचंड मोठी दिसेल, आपल्या चंद्राच्या सुमारे चाळीसपट रुंद. हे दोघेही बहुधा त्याच धडकेतून उडालेले तुकडे आहेत. म्हणजे ज्या आघाताने आई मोडली, त्याच आघाताने ही दोघे जन्माला आली. आणि ती मोडलेली आईच त्यांना धरून आहे.

हे सारे वाचत होतो तेव्हा आई ओटीवर कुळीथ पाखडत बसली होती. "काय एवढं वाचतोस?" म्हणून तिने विचारले. मी तिला आकाशातली ती आई आणि तिचे दोन मुलगे यांची गोष्ट सांगितली. तिने सूप खाली ठेवले.

"दोघांना सारखंच धरते?"

"धरते. जवळचा लवकर फिरून येतो. लांबच्याला वेळ लागतो."

"लांब गेला की वेळ लागायचाच," आई म्हणाली.

आमच्या घरातही दोन मुलगे आहेत. दादा पुण्याला इंजिनिअर आहे आणि मी इथे आईजवळ. वडील गेले तेव्हा मी आठवीत होतो. परसात दोन जुने फणस होते, वाशांना विकले तर चांगला पैसा देतील असे. ते दोन्ही दादाच्या इंजिनिअरिंगपायी तोडले गेले आणि माझे शिक्षण मॅट्रिकला थांबले. मघाशी म्हटली ती कथा हीच. आठ वर्षांपूर्वी ती मी कादंबरीत लिहिली. तिच्यातली आई थोरल्याकडे ओढा असलेली, आणि धाकटा खोडाच्या बुंध्यावर बसून आकाशाकडे पाहणारा. वाचकांची मला पत्रे आली. दुसरी आवृत्ती निघाली. शेजारच्या मुलीने ती आईला वाचून दाखवली, तेव्हा आई एवढेच म्हणाली, "छान लिहिलंस." दादा काहीच म्हणाला नाही. मात्र त्यानंतर तो गणपतीला आला नाही. त्या वर्षी नाही आणि पुढेही नाही. तेवढ्या काळात सिल्व्हिया सूर्याला एक फेरी घालून दुसरीला लागली असेल.

त्या रात्री आईच्या त्या वाक्याने माझे जुने दुखणे उपटले. मी जरा फटकन म्हणालो, "आकाशातल्या आईने सारखे धरले. आपल्याकडे दोन्ही फणस एकाच्याच वाट्याला गेले."

"दोन्ही?" आईने माझ्याकडे पाहिले. "दोन्ही कुठले रे? मागचा दादाच्या फीला गेला. विहिरीकडचा तुझ्या चित्रांच्या शाळेला."

"मला कुणी सांगितलं नाही."

"तू विचारलंस कधी? कोल्हापुरात होतास. दर महिन्याला मनिऑर्डर यायची ती काय आभाळातून पडत होती?"

मी गप्प झालो. ती पुढे म्हणाली, अगदी साध्या आवाजात, जणू काल दळण कुठे ठेवले ते सांगावे तशी, "आणि कॉलेजला नको तूच म्हणालास. ह्याच ओटीवर. सगळं इंग्रजीत असतं, मला नाही जमायचं, म्हणून रडला होतास. मी म्हटलं, रडवून कशाला धाडा."

खरे सांगतो, ते ऐकताच मला ती दुपार आठवली. खांबाला टेकून मी बसलो होतो तो खांब आठवला. तिची आठवण कुठे गेली नव्हती. फक्त तिच्या जागी मी दुसरे चित्र काढून ठेवले होते आणि पंचवीस वर्षे वस्तूशी ते ताडून पाहिले नव्हते. मी खोटे बोलत होतो असेही नाही. भ्यालो होतो हे कबूल करण्यापेक्षा डावलला गेलो हे सांगणे बरे वाटते, आणि पुष्कळदा सांगितले की ते खरे होऊन बसते. परसात दोन बुंधे आहेत. दोन्ही मी रोज पाहत होतो. विहिरीवर पाणी काढताना त्यांतल्या एकावर घागर ठेवीत होतो. पण ते दोन आहेत, निरनिराळ्या वर्षी तोडलेले आहेत, हे माझ्या ध्यानात आले नाही. मला त्यांच्या जागी एकच अन्याय दिसत होता.

आणि आई! मी तिला एक अखंड दगड समजत होतो, थोरल्याच्या बाजूला कललेला. वडील गेल्यावर ती आतून किती ठिकाणी फुटली असेल आणि कशाच्या बळावर पुन्हा एकत्र राहिली असेल, हा विचार कादंबरी लिहिणाऱ्या माझ्या मनात एकदाही येऊ नये, याची मला त्या रात्री फार लाज वाटली.

विज्ञान दिनाला भित्तिपत्रक लागले. काळाभोर करांदा मधोमध, आणि बाजूला दोन बारीक ठिपके, एक जवळ, एक लांब. मुख्याध्यापकांनी ते पाहून सौम्यपणे विचारले, "मास्तर, शाईचे डाग तेवढे पुसून घ्यायचे होते." मी काही बोलण्याच्या आधी ती मुलगीच पुढे झाली आणि तिने त्यांना सगळे समजावून दिले.

दादाला मी पत्र लिहिले. फोन सोपा होता, म्हणूनच केला नाही. कोल्हापूरच्या मनिऑर्डरींचे, ओटीवरच्या त्या दुपारचे, सगळे लिहिले. आठ दिवसांनी त्याचे उत्तर आले. "विहिरीकडच्या फणसाचे मला ठाऊक होते. मला वाटले, तुलाही ठाऊक आहे, आणि तरी तू तसे लिहिलेस." बस, एवढेच. इतकी वर्षे त्याने काय मानून घेतले होते ते त्या एका ओळीवरून मला कळले.

पत्र एकट्या दादाला पोचले. कादंबरी पुष्कळांना पोचली आहे. छापून केलेली चूक छापूनच दुरुस्त करायला हवी, म्हणून हा लेख. ज्या वाचकांनी ती कादंबरी वाचून त्या आईला बोल लावला असेल, त्यांनी कृपा करून तो मागे घ्यावा. विहिरीकडचा फणस धाकट्याच्या शिक्षणाला गेला होता.

हे लिहितो आहे तेव्हा आषाढ लागला आहे. आभाळ असे भरून आले आहे, की सिल्व्हिया राहो, साधा शुक्रही दिसायचा नाही. गणपती अजून यायचे आहेत. दादा येईल की नाही, मला ठाऊक नाही. आईने मात्र माडीवरची खोली झाडून घ्यायला सांगितली आहे, आणि मी उद्या ती झाडणार आहे.